सातव्या मजल्यावरचा प्रेक्षक

विमा कचेरीतल्या कारकुनाने जिन्यात खालच्या मजल्यावरच्या वकीलबाईंना नमस्कार केला, तर त्या म्हणाल्या, "साहेबांची नक्कल झकास करता हो. चष्मा कपाळावर सरकवणं तर अगदी हुबेहूब."

बढती मागण्याची रंगीत तालीम तर कारकुनाने बंद खोलीत, फोनसमोर केली होती. आधी स्वतः म्हणून विनवण्या करायच्या, मग पोटाला उशी बांधून साहेब म्हणून झिडकारायचं. फोनमधले व्हिडिओ आपोआप घरच्या सर्व्हरवर, म्हणजे टीव्हीमागच्या एका डबीवर, चढायचे. त्या डबीत त्याने सिनेमे आणि आईच्या मालिका भरल्या होत्या. पण त्या घरच्या टीव्हीसाठी, गावभर दाखवायला नव्हे.

त्याने थोरल्या बहिणीला फोन लावला. ती संगणकातली.

"लॉगिन बदललं होतंस ना?"

कशाला बदलायचं, चालत होतं की, असं हा म्हणाला. नाव ॲडमिन, पासवर्डही ॲडमिन, डबीसोबत आले तसेच. ताईने समजावलं, की इमारतीचं इंटरनेट सामायिक. ज्याला ॲडमिन हा एक शब्द सुचेल तो सरळ आत. तिच्या सांगण्यावरून त्याने आत कोण कोण आहे ती यादी उघडली. अर्धी इमारत मालिका बघत होती. त्यात सातवा मजलाही होता. तिथे साहेब राहत.

व्हिडिओ पुसला, लॉगिन बदललं, तरी रात्रभर डोळ्याला डोळा लागला नाही.

सकाळी साहेबांनी केबिनमध्ये बोलावलं आणि स्वतः दार लावलं. कारकून मनात राजीनामा जुळवू लागला. साहेब मात्र खालच्या आवाजात सांगू लागले, की टीव्हीवरची ही सगळी सोय आपणच बसवली, अशी त्यांनी घरी बढाई मारली होती. कालपासून काहीच लागत नाही. सासूबाईंची मालिका ऐन खटल्याच्या निकालावर अडकली आहे, आणि त्या जावयाकडे नुसत्या बघत बसल्या आहेत.

"तुमची नक्कल मी पाहिलीच नाही असं समजा," साहेब म्हणाले. "बढतीचंही करून टाकू. नवं लॉगिन तेवढं सांगा."

कारकुनाने आनंदाने तोंड उघडलं, ते उघडंच राहिलं. काल संतापाच्या भरात, कधी विसरणार नाही असं काहीतरी म्हणून त्याने टाकलं होतं: नाव खडूस, पासवर्ड खवीस. कचेरीत हे दोन्ही शब्द एकाच माणसासाठी वापरले जात.

"साहेब, ते मी आज पुन्हा बदलणारच होतो."

"बदला की," साहेबांनी पेनाचं टोपण काढलं. "तोवर आत्ताचं द्या."