शिडीवर राहिलेली ताई

पुस्तक आधी गाजते आणि मग, कोणाला सवड झालीच तर, वाचले जाते. यात गैर काही नाही. वाचूनच गाजवायचे म्हटले, तर निम्मे पुरस्कार धूळ खात पडतील.

आमच्या शेजारी राहणारे, पाणीपुरवठा कचेरीतले भाऊ यांची पहिली कादंबरी याच शिस्तीने गाजली. बाइंडरच्या हातून सगळ्या प्रतींत एक फर्मा, म्हणजे सोळा पाने, घालायचा राहून गेला. शहाण्णवाव्या पानावर नायिका माळ्यावरची पेटी काढायला शिडीवर चढते. पुढचे पान एकशे तेरावे. तिथे घरातले सगळे निवांत चहा पीत बसलेले. (शिडीचे पुढे काय झाले, तेही कळत नाही.)

भाऊ तक्रार करायला निघाले, तेवढ्यात पदार्पणाचा सर्वोच्च पुरस्कार येऊन धडकला. निवड समितीने चार कारणे नोंदवली होती. पहिले, नायिकेचे एकाएकी नाहीसे होणे हे समस्त स्त्रीजीवनावरचे भाष्य आहे. दुसरे, लेखकाला कुठे गप्प बसावे हे कळते. आणि चौथे, लेखक समितीतल्या कोणाचाही नातेवाईक नसल्यामुळे निकालाचा निःपक्षपातीपणा आपोआप सिद्ध होतो.

भाऊ वर्षभर हार घालून घेत हिंडले. 'न दिसणारी स्त्री' या विषयावर बोलून बोलून त्यांचा घसा बसला.

अडचण एकच होती. ती नायिका म्हणजे त्यांची थोरली बहीण. आईच्या मागे तिनेच त्यांना वाढवले. "ताई, तू पुस्तकात आहेस," असे भाऊ तिला सांगून बसले होते, आणि तिची खरी गोष्ट त्या सोळा पानांत होती. एके दिवशी ताईने शिवणयंत्र बंद केले, पुस्तक वाचले आणि भाऊंना बोलावून घेतले.

"काय रे, शहाण्णवाव्या पानावर मला शिडीवर चढवलंस. उतरवणार कधी?"

"ताई, ते प्रतीकात्मक आहे."

"प्रतीक गेलं खड्ड्यात. माझे गुडघे दुखतात."

भाऊ समितीच्या अध्यक्षांकडे गेले. पाने परत घालू द्या म्हणाले.

"घाला की," अध्यक्ष म्हणाले, "पण मग ही पुरस्कारवाली कादंबरी राहणार नाही. आणि ही दुसरी ठरली, तर पदार्पण कसलं?"

तर्क बिनतोड होता. भाऊंनी पुरस्कार परत केला आणि पाने घातली. समीक्षकांनी लिहिले, 'मूळ कलाकृतीत सोळा पाने उगाच घुसडली आहेत.' सत्कार थांबले. भाऊंचा घसा मात्र सुधारला.

ताईने नवी प्रत दुपारभर वाचली. मग चष्मा काढून म्हणाली, "उतरले बाई एकदाची! आणि खाली येऊन बघते, तर तुम्ही मेले चहा पिऊन मोकळे!"

भाऊ उठले आणि त्यांनी चहाचे आधण ठेवले.

समितीला हसणे सोपे आहे. मी वर चारांपैकी तीनच कारणे सांगितली. तिसरे कुठे गेले, हे आपण विचारले नाहीत. समितीत एक जागा रिकामी आहे. आपले नाव मी कळवून टाकले आहे.