खाडीतून आलेला परवाना

खारवली नगरपालिकेच्या हद्दीत दिव्यांग वाहनचालकाचा राखीव जागेचा परवाना हरवला, की काही दिवसांत तो स्वतःच गाडी लावायला येऊ लागतो. परवान्याला गाडी लागते आणि गाडीला चालक लागतो; म्हणून परवान्यावर जेवढे नोंदलेले असते तेवढ्यातून तो दोन्ही घडवून आणतो. नाव, पत्ता, छायाचित्रातला चेहरा, अपंगत्वाचा प्रकार, वाहनाचा क्रमांक. याहून अधिक त्या चालकापाशी काही नसते. आपल्याला जिथे पाठ असते, तिथे त्याला वापराचे नियम छापलेले असतात.

हरवलेली वस्तू मालकाचा माग काढत परत येते, ही समजूत लोकपरंपरेत पुष्कळ ठिकाणी सापडते. खारवलीत ती वाहनतळ विभागाकडे सोपवलेली आहे, इतकाच फरक. विभागाचा नियमही सरळ आहे. एका नावावर राखीव जागा एकच. दुबार परवाना मागणाऱ्याने आणि हरवलेल्या परवान्यासोबत आलेल्याने एकाच वेळी कार्यालयात हजर राहायचे. नाव पुकारले जाते. जो ओ देतो, तो धारक ठरतो. दुसऱ्याचे नाव रद्द होते.

हेमांगी कारेकर यांचा परवाना खाडीच्या पुलावर उडाला. चौकीतल्या शिपायाला दाखवण्यासाठी त्यांनी तो काचेमागून काढून हातात धरला होता. वाऱ्याने तो उचलला आणि भरतीच्या पाण्यात नेऊन टाकला. हेमांगीबाईंचा डावा पाय लहानपणीच पोलिओने गेलेला. ब्रेक आणि वेग हाताने सांभाळता येईल अशी त्यांची छोटी करडी गाडी होती. त्या सरकारी दवाखान्यात औषधे देण्याचे काम करत, आणि दवाखान्याच्या दाराशी असलेली राखीव जागा गेली पुष्कळ वर्षे त्यांची होती.

पुढच्या सोमवारी त्या पोहोचल्या, तेव्हा त्या जागेवर करडी गाडी उभी होती. क्रमांक त्यांचाच. चाकांना कालवांचे शिंपले चिकटलेले होते आणि गाडीखालून खारे पाणी ठिबकत होते.

“ताई, तुम्ही तर मघाशीच आत गेलात,” वॉचमन गोपीनाथ म्हणाला.

“मी?”

“तुम्हीच. आज काही बोलला नाहीत, म्हणून तर लक्षात राहिलं.”

“मग आता मी गाडी कुठं लावू?”

गोपीनाथने प्रश्नाचा गंभीरपणे विचार केला. “तुम्ही मागं घ्या. ही जागा तुमच्यासाठी राखलेली आहे. इथं दुसऱ्या कुणाला लावू दिलं, तर तुम्हीच मला बोलाल.”

हेमांगीबाईंनी मासळी बाजारामागे गाडी लावली आणि कुबडीवर भार देत त्या नगरपालिकेत गेल्या. वाहनतळ विभागात साळगावकर नावाचे लिपिक होते. त्यांनी तक्रार शेवटपर्यंत ऐकून घेतली.

“हरवला कुठं, बाई? रोज गाडीवर लागतोय. उलट वेळा पाळल्या जातायत.”

“ती मी नाही.”

“ते बुधवारी ठरेल. घाबरण्यासारखं काही नाही. नाव पुकारलं की ओ द्यायची. आमच्या विभागात याहून सोपं काम नाही.”

“आणि तिनं आधी दिली तर?”

“तर नाव तिचं. त्या नावाला मग तुम्हाला ओ देता येणार नाही. द्यायला गेलात, तरी आवाज निघणार नाही.”

“आणि मी करायचं काय?”

“हिंडायला-फिरायला मोकळ्या. कुणाला हाक मारावीशी वाटली, तर मारा. दोनदा.”

“दोनदाच?”

“रद्द झालेल्यांना तिसरी हाक नसते. हा नियम आमचा नाही, फार जुना आहे. आम्ही फक्त अंमल करतो.”

साळगावकरांचे म्हणणे अचूक होते. कोकणपट्टीत हाकामारी नावाच्या भुताविषयी जे सांगितले जाते, त्याचा गाभा हाच आहे. ती ओळखीच्या आवाजात दाराबाहेरून नाव घेते. जो ओ देतो, तो तिच्यामागून जातो. मात्र तिला दोनच हाका मारता येतात. म्हणून दिवेलागणीनंतर कोणी बोलावले, तर तिसऱ्या हाकेपर्यंत गप्प बसायचे, हे मुलांना बोलायला शिकवतानाच शिकवले जाते. हेमांगीबाईंच्या आई मनोरमाबाई यांनीही ते शिकवले होते, आणि शिकवून विसरू दिले नव्हते.

बुधवारी सकाळी चहा ओतताना त्यांनी विषय काढला.

“पहिल्या हाकेला ओ देऊ नकोस.”

“आई, ते ऑफिस आहे.”

“ऑफिसात ती जात नाही, असं कुणी लिहून दिलंय तुला? तुझ्या तोंडाची एक खाडीतनं वर आलीय, आणि मला ऑफिस सांगतेस.”

“नाव साळगावकर पुकारणार आहेत. चष्मा लावतात. पान खातात.”

“तिलाही कुणाचा तरी आवाज लागतोच. तीन होऊ देत, मग दे. मरायची घाई असल्यासारखी ओ द्यायची नाही.” मनोरमाबाईंनी कप पुढे सरकवला. “आणि घरी आलीस, की मला तीन हाका मार. तिसरीशिवाय मी कडी काढणार नाही. आधी तीच आली तर मी काय करू?”

हेमांगीबाई हसल्या. ते हसू चहा संपेपर्यंत टिकले नाही.

कार्यालयातल्या बाकावर ती आधीच येऊन बसली होती. तिचा चेहरा छायाचित्र काढले त्या वर्षीचा होता, केस तेव्हाइतके काळे होते, आणि पापण्या लवत नव्हत्या. डावा पाय हेमांगीबाईंच्या पायासारखाच बारीक, पण मागून पाहिल्यावर सपाट. अंगाला खाडीकाठच्या खाजणातल्या चिखलाचा वास होता. हेमांगीबाईंनी मधे पर्स ठेवली. तिने वळून पाहिले आणि ओठ हलवले. तिच्याजवळ शब्द थोडेच होते, त्यातला बोलण्याजोगा एकही नसावा. नाव मात्र होते. ते कोणीतरी घ्यावे, एवढ्यासाठीच ती बसली होती.

साळगावकरांनी तोंडातले पान खिडकीबाहेर थुंकले, चष्मा नीट केला आणि पुकारा केला.

“हेमांगी दत्ताराम कारेकर.”

हेमांगीबाईंचे तोंड उघडले. मग बालपणापासूनच्या सगळ्या तिन्हीसांजा एकदम आल्या आणि त्यांनी ते मिटले. त्या पहिली हाक मोजत होत्या.

“ओ,” बाकाच्या दुसऱ्या टोकाकडून आवाज आला. तो ओला होता, पण स्पष्ट होता.

साळगावकरांनी शिक्का मारला.

“मी थांबले होते,” हेमांगीबाई म्हणाल्या. “आणखी दोन हाका व्हायच्या होत्या.”

“एका हाकेत काम झाल्यावर दुसरी कशाला मारायची?” साळगावकर म्हणाले. त्यांच्या बोलण्यात वाईटपणा नव्हता. “बाई, आपण सगळेच थांबायला शिकलो. तिला कुणी शिकवलेलं नव्हतं.”

येथे परंपरेची एक मर्यादा नोंदवणे भाग आहे. तिने पिढ्यान्‌पिढ्या हाक मारणाऱ्यापासून सावध राहायला शिकवले. ओ देणाऱ्याविषयी तिच्यात काहीच सांगितलेले नाही.

मासळी बाजारामागे हेमांगीबाईंची गाडी नव्हती. नाव रद्द झाल्यावर ती असण्याचे कारणही नव्हते. त्या कुबडीवर चालत निघाल्या. वाटेत गोपीनाथ समोरून आला आणि परक्या बाईला देतात तशी त्याने त्यांना बाजू दिली. पुलावर त्या पुष्कळ वेळ टेकून उभ्या राहिल्या. घराच्या पायरीशी पोहोचल्या, तेव्हा तुळशीपुढे दिवा लागला होता आणि दार आतून लावलेले होते.

“आई,” त्यांनी हाक मारली.

आत बांगड्या वाजल्या. मनोरमाबाई दारामागे येऊन उभ्या राहिल्या होत्या.

“आई.”

कडीवर हात टेकल्याचा आवाज आला. हेमांगीबाईंनी छाती भरून श्वास घेतला. तो तसाच बाहेर पडला, त्यात आवाज नव्हता. त्यांनी पुन्हा प्रयत्न केला. मग कुबडीने दार ठोठावू पाहिले, तर हात उचलला गेला नाही; ओ मिळाल्याखेरीज हाक मारणाऱ्याला पुढचे काही करता येत नाही, हेही त्याच जुन्या नियमात आहे.

आत मनोरमाबाई वाट पाहत होत्या. बाहेरचा धापा टाकणारा श्वास त्यांना ऐकू येत होता. चालून दमलेल्या लेकीचा तो श्वास त्यांना लाखात ओळखू आला असता. दोन हाकांनंतर थांबणारी कोण असते, हेही त्यांना माहीत होते. त्यांनी आयुष्यात कधी जे केले नव्हते, ते त्या क्षणी केले. स्वतःच हाक मारली.

“हेमांगी? तू आहेस ना?”

हेमांगीबाईंनी तोंड उघडले.

त्यांच्या मागे, फाटकापाशी, एक करडी गाडी येऊन थांबली होती. तिच्याखालून पाणी ठिबकत होते. परवान्यावर पत्ताही असतो.

“ओ,” गाडीतून आवाज आला.

कडी निघाली. मनोरमाबाई सुटकेने रडत होत्या, आणि पदराने डोळे पुसत असल्यामुळे पायरीवर कोण आहे ते त्यांनी पाहिले नाही. फाटकाकडून एक पाय ओढत कोणी येत असल्याचे त्यांना ऐकू आले.

“केवढी भिजलीस ग,” त्या म्हणाल्या, आणि त्यांनी पायपुसणे पुढे सरकवले.

पायरी अरुंद होती. हेमांगीबाई कुबडी सावरून बाजूला झाल्या आणि त्यांनी जागा करून दिली.