साळूबाईंचे काटे आणि आमच्या अटी

मार्गशीर्ष वद्य पंचमी. पहाटे दाट धुकं, नंतर कोरडी थंडी.

मुलांनो, जवळ सरकून बसा. एका जंगलात एक समिती होती. अनाथ पिल्लं कुणाला दत्तक द्यायची, हे ती ठरवायची. अध्यक्ष कोकिळाबाई होत्या. सदस्य मी. मी म्हणजे कासव.

समितीच्या ढोलीत मुंगसाचं एक पिल्लू होतं, भुऱ्या. त्याची आई पुरात गेली होती. त्याला खायला वेळेवर मिळे, पण निजायला कुणाची कूस नव्हती. ते कुडकुडत पडून राही. दिवसेंदिवस वाळत चाललं होतं.

त्याला मागायला साळूबाई आल्या. साळिंदर, एकट्या राहणाऱ्या.

जंगलाचा कायदा वडाखालच्या शिळेवर कोरलेला होता. मागणारा पिल्लाहून वयाने मोठा असावा, त्याला पिल्लाचं पोट भरता यावं, ऊब देता यावी. बस. आम्हाला हे फारच थोडं वाटलं. मग समितीला काम काय उरणार?

कोकिळाबाईंनी अट घातली, आवाज गोड हवा; नाहीतर अंगाई कोण म्हणणार? मी अट घातली, घर पाठीवर हवं. म्हणजे पिल्लू कधीच बेघर होणार नाही. ही अट सुचली तेव्हा मी आनंदाने थोडा धावलोसुद्धा.

साळूबाई बोलताना गुरगुरत. घर बिळात. दोन्हीकडे नापास.

"शिवाय तुम्हाला काटे आहेत," कोकिळाबाई म्हणाल्या.

"पाठीला आहेत, बाई. पोराला मी पोटाशी घेऊन निजणार."

हे उत्तर अटींत कुठे बसेना, म्हणून आम्ही ते सोडून दिलं.

साळूबाई हत्तीणआजींकडे गेल्या. जंगलातला न्याय त्या करत. आजींनी आम्हाला शिळेपाशी बोलावलं आणि मला सगळ्यात खालची ओळ वाचायला सांगितली.

मी वाचली. 'याहून जास्त अट कुणी घालू नये.'

ती ओळ बरोबर माझ्या डोळ्यांच्या उंचीवर होती. रोज मी तिथेच टेकून ऊन खात असे. मला वाटायचं, कोरणाऱ्याचं नाव असेल.

मग आजींनी सहज विचारलं, "तुमच्यापैकी पोर कुणी वाढवलंय का रे?"

कोकिळाबाई अंडी कावळ्याच्या घरट्यात ठेवून येतात. आमच्या घराण्यात ती वाळूत पुरून निघून जायची रीत आहे. कोकिळाबाई वर आंब्याकडे पाहू लागल्या. मी मान आत घेतली. ही सोय मला जन्मापासून आहे.

"मान बाहेर काढ, बाळा," आजी म्हणाल्या. "निकाल ऐकायचाय."

माझ्या वयाला ते 'बाळा' फार लागलं.

आमच्या अटी रद्द झाल्या. भुऱ्या त्याच संध्याकाळी साळूबाईंच्या पोटाशी झोपला. समिती कायम आहे.

तात्पर्य: जवळ ऊब असेल, तर मूल मागावं. नसेल, तर समितीवर जावं. तिथे कसलीच अट नाही.