फलकावरची दुसरी यादी

सकाळी सव्वादहाला शाळेच्या फाटकाशी एकच गलका उठला, तेव्हा भाऊसाहेब कचेरीत बशीत चहा ओतून निवांत बसले होते. बावीस वर्षं शाळेची कारकुनी केलेला माणूस. पहिलीच्या प्रवेशाची यादी फलकावर लागली, की त्यांचं वर्ष संपायचं.

मुख्याध्यापिका, म्हणजे मोठ्या बाई, दारात उभ्या राहिल्या.

"भाऊसाहेब, फलकावर काय लावलंत?"

"पहिलीची यादी. तुमच्या सहीची."

"अहो, ती प्रतीक्षा यादी आहे!"

भाऊसाहेबांच्या हातातली बशी कलली. "पण सही तुमचीच आहे, बाई."

"मी फोनवर असताना तुम्ही नऊ कागद पुढे सरकवलेत. मी नऊ सह्या केल्या!"

ही शाळा शहरातल्या एका छोट्या भाषिक समाजाने चालवलेली. पहिलीच्या चाळीस जागांपैकी वीस त्या समाजाच्या मुलांना. त्यांची यादी बरोबर लागली होती. उरलेल्या वीस जागांवर बाहेरची कोणती मुलं घ्यायची हे शाळेने ठरवायचं की शिक्षण खात्याने, यावर सहा वर्षं कोर्टात खटला चालला होता. निकाल दोनच महिन्यांपूर्वी शाळेच्या बाजूने लागला. निवडीचा हक्क शाळेचा. निकष मात्र सगळ्यांना एकच हवा. आणि हक्क हातात आल्यावर शाळेने केलेली ही पहिलीवहिली निवड!

बाई यादी उतरवायला तरातरा निघाल्या खऱ्या, पण फलकापर्यंत पोचल्याच नाहीत. वाटेतच एका आईने त्यांना मिठी मारली. तिच्यामागे एक आजोबा नातीला घेऊन उभे. नातीच्या अंगात नवा कोरा गणवेश, बाह्या कोपराच्या खाली लोंबणाऱ्या.

"समोरच्या दुकानात मिळाला," आजोबा म्हणाले. "दोन वर्षं सहज जाईल. आता अंगातून काढायलाच तयार नाही बघा!"

बाई हसल्या, नातीच्या गालाला हात लावला आणि आल्या पावली परत फिरल्या.

तासाभरात समितीचे अध्यक्ष हजर झाले. ते वकील, खटला त्यांनीच लढवलेला. सगळे त्यांना वकीलकाका म्हणत.

"काका, यादी बदलता येईल?" बाईंनी विचारलं.

"कोणाच्या बापाला बदलता येणार नाही! हक्क आपला आहे."

"मग आम्हीच बदलतो."

"तुम्ही तर नाहीच नाही! ही शाळा एकेक मूल विचार करून निवडते, असं मी कोर्टात छातीठोकपणे सांगितलंय. आता कागद चुकून चिकटला म्हणून सांगू? खात्याच्या हातात आयतं कोलीत द्यायचं?"

म्हणजे हक्क मिळाला होता आणि त्याच हक्काने शाळेचे हात बांधले होते.

दुसऱ्या दिवशी खात्याचे साहेब आले. बरोबर तक्रार घेऊन एक वडील. "माझ्या मुलाने सतराचा पाढा घडाघडा म्हटला," ते म्हणाले, "त्याचं नाव नाही. आणि टेबलाखाली शिरलेल्या पोराला प्रवेश!"

साहेबांनी चष्मा पुसला. "निवड तुमची, कबूल. निकष तेवढा सांगा."

बाईंना खोटं बोलता येत नसे. "खरं सांगू साहेब, ही यादी..."

वकीलकाकांना खोकल्याची जोरदार उबळ आली. घाबरलेल्या भाऊसाहेबांनी काहीतरी करायचं म्हणून त्या वीस मुलांच्या मुलाखतीची टिपणं साहेबांपुढे ठेवली. बाईंनी डोळे मिटले. टिपणं त्यांच्याच हातची आणि वैतागून लिहिलेली.

साहेब वाचू लागले. "'पडलेला दात पुढे कुठे जातो, असं विचारलं.' 'तुम्ही चुकलात तर तुम्हाला कोण रागावतं, असं विचारलं.' 'टेबलाखाली शिरला. चारच पाय का, असं विचारलं.'" ते थांबले. पुन्हा पहिल्यापासून वाचलं. "म्हणजे जे मूल आपणहून प्रश्न विचारतं, ते घ्यायचं? सगळ्यांना हाच निकष?"

"वीसच्या वीस, साहेब!" भाऊसाहेब म्हणाले. बावीस वर्षांत ते इतक्या जोरात कधी बोलले नव्हते.

बाईंनी डोळे उघडले. प्रत्येक प्रश्नापायी त्यांचा वेळ गेला होता, म्हणून ही मुलं त्यांनी मागे ठेवली होती. आता साहेबांच्या तोंडून तेच प्रश्न ऐकताना त्यांना पहिल्यांदाच वाटलं, की अरे, ही तर गोड पोरं आहेत! पण मग खऱ्या यादीतल्या त्या पाढेवाल्या वीस जणांचं काय?

"साहेब, आम्हाला आणखी एक तुकडी द्या," त्या एकदम म्हणाल्या. "यांचा मुलगाही हुशार आहे. त्याच्यासारख्या सगळ्यांना घेते."

"वर्गखोली आहे?"

बाईंनी कचेरीभर नजर फिरवली. "ही आहे."

साहेब खुशीत होते. त्यांनी शिफारस तिथेच लिहून दिली. वडिलांनी तक्रार मागे घेतली. भाऊसाहेबांचं टेबल आठवड्याभरात जिन्याखाली गेलं आणि कचेरीतून पाढे ऐकू येऊ लागले.

मात्र शाळेचा निकष शहरभर झाला. पुढच्या वर्षी मुलाखती सुरू झाल्या, तर आत येणारं प्रत्येक मूल खुर्चीत बसायच्या आधीच विचारत होतं, "बाई, आकाश निळं का असतं?" एकाने तर हातावर लिहून आणलं होतं. दुपारपर्यंत एकोणतीस वेळा आकाश निळं झालं. बाईंचं डोकं भणभणलं.

तिसावी मुलगी आली आणि गप्प बसली.

"काय गं? तुला काही विचारायचं नाही?"

"आईने एक प्रश्न पाठ करून घेतला होता," ती रडवेली होऊन म्हणाली. "मी विसरले. आता मी घरी जाऊ?"

बाईंनी पेन खाली ठेवलं आणि दाराशी बसलेल्या भाऊसाहेबांना हाक मारली.

"लिहून घ्या, भाऊसाहेब. मुलीने आपणहून प्रश्न विचारला."