नेस्टर रिंकवर गेलाय

नेस्टरला बर्फात ठेवायचं काम आपल्याशिवाय या गावात कुणाला जमणारच नाही, असं परास्का बोयचुकनं पाद्रीबुवांना ठणकावून सांगितलं होतं. "एवढा मोठा माणूस जन्मभर सांभाळला मी! आता एक डबा सांभाळता येणार नाही का मला?"

पाद्रीबुवांनी मान डोलावली. परास्कासमोर मान डोलवायची ड्रायफोर्क गावात पद्धतच होती.

नेस्टर म्हणजे तिचा नवरा. गावच्या पोरांच्या आइस हॉकीच्या टीमसाठी, म्हणजे गोफर्ससाठी, रिंकच्या मैदानावरचा बर्फ तयार करायचा आणि बर्फगाडी फिरवून तो आरशासारखा ठेवायचा, हे त्याचं काम. रिंकवरच्या बर्फावर त्याचा एवढा जीव, की घरच्या पायऱ्यांवरचा बर्फ त्याला कधी दिसलाच नाही. थंडी पडली की परास्का ओरडायची, "अहो, चुलीतली राख टाका पायऱ्यांवर! मरेन मी एक दिवस घसरून!" तो म्हणायचा, "टाकतो की!" राख कॉफीच्या डब्यात भरून ठेवायचा आणि पसार व्हायचा. कुणी विचारलं, नेस्टर कुठंय, तर परास्काचं उत्तर तयार असायचं, "रिंकवर गेलाय!" दर हिवाळ्यात ती एकदा तरी पडायचीच. मनगट म्हणू नका, माकडहाड म्हणू नका, सगळं एकेकदा होऊन गेलं होतं.

ऑगस्टात, गव्हाची कापणी ऐन भरात असताना नेस्टर गेला. जाताना एवढंच म्हणाला, "मला रिंकच्या मधल्या ठिपक्याखाली ठेव. पोरांच्या पायाखाली." बायकोबद्दल एक शब्द नाही! परास्का आधी रडली, मग चिडली, मग परत रडली.

आता या गोफर्सचा इतिहास ऐका, म्हणजे त्यानं जीव कशावर टाकला होता ते कळेल. टीम निघाली तेव्हा गावात रेल्वे होती, धान्याचं उंच कोठार होतं, शाळा होती. गोफर हा शेतात बिळं करणारा प्राणी. शहरातल्या कारागिरानं तो जन्मात पाहिलेला नव्हता. त्यानं टीमच्या बिल्ल्यावर चक्क उंदीर कोरून पाठवला! झालं! परगावचे लोक मॅचला येताना चीज घेऊन यायचे आणि बर्फावर तुकडे फेकायचे. नेस्टर ते गोळा करून घरी आणायचा. परास्का ते धुऊन पेरोगीत, म्हणजे उकडलेल्या करंज्यांत, भरायची. गोफर्स जितके वाईट हरायचे, तितकं बोयचुकांकडे जेवण झकास व्हायचं!

आणि ते हरायचेच. एक कोच मॅच अर्धी टाकून घरी गेला, तोही टीमची बस घेऊन. एका वर्षी गोलकीपर ऐन मॅचच्या दिवशी गाय विणार म्हणून आलाच नाही. करंडक ठेवायला मोठ्या हौसेनं काचेचं कपाट केलं होतं, त्यात शेवटी रिंकवर सापडलेले बेवारस हातमोजे ठेवायला लागले. तरी गाव यायचं. लांबलांबची पोरं खेळायला यायची आणि गावातल्या घरांत राहायची. परास्काच्या घरी दर साल एक असायचाच. खायचा घोड्यासारखा आणि जाताना रडायचा वासरासारखा.

मग रेल्वे गेली. कोठार पाडलं. शाळेला कुलूप लागलं. आणि यंदा कमिटीनं सांगितलं, हा शेवटचा मोसम. टीम दक्षिणेकडच्या एका शहरानं घेतली. रिंक बंद होणार, बर्फ वितळवणार आणि परत कधीच घालणार नाही.

म्हणून नेस्टरला यंदाच त्या बर्फात जायचं होतं. सप्टेंबरात नवा बर्फ घालताना परास्का छातीशी डबा धरून आली. दहनानंतर मिळालेली त्याची राख ठेवायचं दुकानातलं भांडं तिनं धुडकावून लावलं होतं. "असल्या फुलदाणीत मी त्याला जिवंतपणी पाणी पण दिलं नसतं!" त्याच्या आवडीच्या कॉफीच्या डब्यात त्याला भरलं, वर टीमचा तो पहिला, उंदीरवाला बिल्ला टाकला आणि डबा मागच्या पडवीत फळीवर ठेवला. बूट काढल्याशिवाय त्याला घरात घ्यायचं नाही हा तिचा नियम होता, आणि आता बूट कोण काढणार? त्या फळीवर तसलेच डबे ओळीनं होते. खिळ्यांचा, बटणांचा, चुलीतल्या राखेचा. पण परास्का काय चुकणार होती? चष्मा लागलाय हे ती डॉक्टरलासुद्धा कबूल करत नव्हती!

नेस्टरच्या हाताखाली शिकलेल्या ओरेस्टनं मधोमध जागा केली. परास्कानं डबा उपडा केला. पाद्रीबुवांनी प्रार्थना म्हटली. वर पाण्याचे थर चढले, आणि सगळं गाव डोळे पुसत घरी गेलं.

आणि गोफर्स जिंकायला लागले!

पहिली मॅच जिंकले तेव्हा गाव हसलं. पाचवी जिंकले तेव्हा गावानं टोप्या काढल्या. प्रत्येक पोरगा बर्फावर उतरला की आधी मधल्या ठिपक्यावर काठी ठोकायचा, "नेस्टरबाबा, लक्ष असू द्या!" परास्का पहिल्या रांगेत राणीसारखी बसायची. "माझ्या नवऱ्याच्या जिवावर खेळताय, लक्षात ठेवा!" असं ती कोचला रोज ऐकवायची. शेवटी गोफर्स थेट फायनलला पोचले. तेही आपल्याच रिंकवर!

फायनलच्या दिवशी सकाळी तिच्याकडे राहणारा ट्रेंट, टीमचा गोलकीपर, रिकामा डबा घेऊन स्वयंपाकघरात आला.

"आजी, राख संपली. आत्ता शेवटची टाकली पायऱ्यांवर."

"संपू दे मेल्या, मार्च आलाय. खा तू."

"पण चांगली होती हं ही. खरखरीत एकदम! हिवाळाभर पुरवून पुरवून टाकली. तुम्ही एकदाही पडला नाहीत बघा!" त्यानं मूठ उघडली. "तळाशी हे सापडलं. उंदीर आहे का हा?"

परास्काच्या हातातला झारा खाली पडला.

ती बिल्ला हातात घेऊन त्याकडे बघत राहिली. मग डब्याकडे. मग दाराबाहेरच्या पायऱ्यांकडे.

"आजी? काय झालं?"

"काही नाही. गोफर आहे तो. जा तू, उशीर होईल."

पोरगं रिंककडे निघालं मात्र, परास्का उलथनं आणि सुपाचं मोठं पातेलं घेऊन पायऱ्यांवर बसली. खरवड, खरवड, खरवड! हिवाळाभराचा करडा बर्फ तिनं पायरीच्या फटीतूनसुद्धा उकरला. शेजारीण कुंपणावरून ओरडली, "परास्का, आज कसली साफसफाई काढलीस?"

"पाहुणे येणारेत!"

"पातेल्यात?"

"तू तुझं घर झाड आधी!"

मॅच सुरू झाल्यावर ती पातेलं पदराखाली लपवावं तसं कोटाखाली धरून रिंकवरच्या ओरेस्टच्या खोलीत घुसली.

"काकू, पेरोगी?" ओरेस्ट खूश झाला.

"नेस्टर."

ओरेस्टनं झाकण उचललं. परत ठेवलं. "मग मधे कोण आहे?"

"चुलीतली राख."

"म्हणजे पोरं हिवाळाभर..."

"एक शब्द बोललास तर याच पातेल्यात तुला घालीन!" ती म्हणाली, आणि मग तिचा आवाज फुटला. "ओरेस्ट, त्यानं जन्मभर एकच गोष्ट मागितली रे माझ्याकडे. मी त्याला पायदळी घातलं. उद्या तुम्ही बर्फ वितळवणार. आज एक रात्र तरी त्याला तिथं राहू दे."

ओरेस्ट बराच वेळ नाक पुसत राहिला. शेवटच्या डावाआधी बर्फगाडी फिरवायला गेला, तेव्हा मधोमध थांबला, काहीतरी बिघडल्यासारखं वाकला, पातेलं ओतलं आणि वरून पाणी सोडलं. पाणी गोठायला वेळ लागतो. वेळ नव्हता.

मॅच बरोबरीत होती. शेवटचं मिनिट. गोफर्सचा कप्तान काठीनं रबराची चकती ढकलत एकटा सुटला! पुढं कुणी नाही, फक्त समोरच्या टीमचा गोलकीपर! सगळं गाव उभं राहिलं, कोचनं टोपी उडवली, काचेच्या कपाटातले हातमोजे कुणीतरी आधीच काढून ठेवले होते. कप्तान मधल्या ठिपक्यावर आला, आणि चकती तिथल्या करड्या, मऊ डागात रुतून थांबली! कुणी बूट ठेवून अडवावी तशी! पोरगं पुढं गेलं, चकती मागं राहिली. समोरच्या टीमच्या पोरानं ती पळवली आणि ट्रेंटच्या पायांमधून गोल मारला.

भोंगा वाजला. बर्फावर चीजचा एक तुकडा येऊन पडला. मग तो फेकणाऱ्यालाही लाज वाटली असावी, कारण दुसरा कुणी फेकला नाही.

गाव घरी जाईना. लोक नुसतेच बसून राहिले, आपापल्या नेहमीच्या जागांवर. परास्का कठड्याला धरून उभी होती. ओरेस्ट शेजारी आला.

"मी हरवलं रे पोरांना," ती म्हणाली.

"नाही काकू. काकांनी अडवली. त्यांना मॅच संपू द्यायची नव्हती."

परास्कानं त्याला एक रट्टा दिला, आणि मग त्याच्याच खांद्यावर डोकं टेकलं.

घरी येताना ट्रेंट तिच्याबरोबर होता. त्यानं तिचा हात धरला होता. फाटकाशी तिनं त्याचा हात सोडला, कारण तिला हात धरलेला आवडत नसे, आणि ताठ मानेनं ती स्वतःच्या पायऱ्यांवर चढली. सकाळी घासूनपुसून लख्ख केलेल्या पायऱ्या. काचेसारख्या!

दुसऱ्या पायरीवर पाय गेला आणि परास्का बोयचुक धप्पकन अंगणात!

"आजी!" ट्रेंट धावत आला. "लागलं का? असं कसं? सकाळीच तर टाकली होती मी राख! गेली कुठं?"

परास्का बर्फात तशीच बसून राहिली. माकडहाड ठणकत होतं. खिशातला बिल्ला तिनं घट्ट धरला. तिला हसू येत होतं आणि डोळ्यांतून पाणी थांबत नव्हतं.

"कुठं जाणार?" ती म्हणाली. "रिंकवर गेलाय!"