धड पैलवानांचं

यवतमाळच्या बागेतल्या शेटजींच्या पुतळ्याच्या हाताला कोणी छत्री अडकवली, की आमचे शेजारी नामदेवराव पैलवान स्वतःचा दंड चोळत ओरडायचे, ‘‘काढ बे! माह्या हाताले काहून लटकवून राह्यला?’’

बागेला जागा देणारे शेटजी होते ठेंगणे, किडकिडीत. ते वारल्यावर घरच्यांना पुतळा मात्र भारदस्त हवा होता. मूर्तिकाराने चेहरा फोटोवरून घेतला आणि अंगासाठी तालमीतून नामदेवरावांना आणून उभं केलं. ‘‘मुंडकं शेटजीचं, बाकी सारा मी,’’ हे ते नव्या माणसाला स्वतःचं नाव सांगायच्या आधी सांगत.

छप्पन साली आमचा जिल्हा मुंबई राज्यात आला, त्याच सुमारास मी लग्न होऊन साताऱ्याहून यवतमाळात आले. मिस्टर पोस्टात, सदा वणी-उमरखेडकडे फिरतीवर. घरात बोलायला भिंती. पैलवानकाकांनी मला बागेची सवय लावली. रोज सकाळी ते बादली घेऊन पुतळ्यावरची कबुतरांची घाण धुवायचे. कारंज्यावरच्या घागरवाल्या दगडी बाईलाही ‘‘राम राम, बाई’’ म्हणायचे. मी हसले तर म्हणाले, ‘‘शेजारीण हाये ना जी आपली!’’ पावसाळ्यात त्यांचे गुडघे दुखत. दोष पुतळ्याचा. ‘‘थो भिजून राह्यला, अन् कळ मले.’’

मग एक दिवस बातमी आली. शेटजींच्या नातवाने जयपूरहून संगमरवरी पुतळा आणवला होता, फक्त छातीपर्यंतचा. जुना सिमेंटचा नगरपालिकेच्या गोदामात जाणार होता.

‘‘म्हंजे मुंडकं ठेवून राह्यले, अन् मले काढून राह्यले!’’

मला हसू आवरेना. ते मात्र ओट्यावर टेकले. म्हणाले, ‘‘बायको गेली, लेकरूबाळ झालं नाई. वाटे, मी गेल्यावर लोकं माह्या पायाशी बसतीन, भुईमुगाच्या फल्ल्या खातीन. तेवढं तं राहीन म्हटलं.’’

माझं हसू तिथंच थांबलं.

त्यांनी नगराध्यक्षांना गाठलं. अध्यक्ष भला माणूस. म्हणाले, ‘‘समारंभात दोन शब्द बोला. लोकांना पटलं, तर जुना पुतळा कारंज्याजवळ ठेवू.’’ झालं! आठवडाभर काकांचं भाषण आमच्या स्वयंपाकघराच्या दारात चाललं होतं. माझे दिवस भरत आले होते, पण त्यांचा हट्ट, ‘‘तुमी समोर बसजा बाई, म्हंजे मले धीर येते.’’

त्या दिवशी बागेत पाय ठेवायला जागा नव्हती. बँड वाजत होता. काका गुलाबी फेटा बांधून आले. त्यांचं नाव पुकारलं गेलं, ते उभे राहिले, घसा साफ केला. ‘‘मंडळी, हा जो पुतळा हाये...’’

नेमकी तेव्हाच माझ्या पोटात कळ आली. मी ओरडले नाही, फक्त पुढच्या खुर्चीची पाठ धरली. काकांनी ते पाहिलं. भाषण तिथंच टाकून ते खाली उतरले आणि ‘‘सरका बे!’’ करत थेट माझ्यापाशी आले.

बाहेर एकही टांगा नव्हता. जिनिंगकडे निघालेली कापसाची बैलगाडी त्यांनी आडवी होऊन थांबवली, मला हात देऊन कापसावर चढवलं आणि स्वतः बैलांच्या पुढे धावत सुटले. फेटा सुटून खांद्यावर आला होता. ‘‘बाजू व्हा! लेकरू येऊन राह्यलं!’’ अख्ख्या बाजारपेठेला त्यांनी ही खबर दिली. मी कळांनी रडत होते, आणि मधेच लाजेनं हसतही होते. भीती मात्र वाटली नाही. माहेर इतकं लांब असूनही नाही वाटली.

मुलगी झाली. दवाखान्याच्या पायरीवरून काका हलले नव्हते. नर्सबाईंनी बाळ आधी त्यांच्याच हातात दिलं.

मिस्टर दुसऱ्या दिवशी पोचले. वाटेत त्यांना सगळं कळलं होतं. काका निघून आल्यावर जुन्या पुतळ्यासाठी कोणीच बोललं नव्हतं, आणि समारंभ आटोपताच जुना पुतळा गाडीत घालून नेला होता. काका माझ्या खाटेशेजारी बाळाला घेऊन बसलेले. मिस्टरांनी पिशवी खाली ठेवली. म्हणाले, ‘‘काका, तुमचा पुतळा नेला हो त्यांनी. आमच्यापायी तुमचं बोलणं राहून गेलं.’’

काकांनी मान वर केली नाही.

‘‘हळू बोला ना जी,’’ ते कुजबुजले, ‘‘आत्ताच झोपली.’’