हशमत चाचाची जागल

हशमत चाचा उसवलेलं पुस्तक रात्री एकटं सोडत नाही. घरात मयत असली की कोणीतरी उशाशी बसून राहतं, तसा तो पुस्तकाशी बसतो. जमिनीवर पांढरी चादर, चादरीवर सुटी झालेली पानं, बाजूला कंदील आणि लोबान. वीज असली तरी कंदीलच. पानांकडे पाय करायचे नाहीत, कोणाचं नाव घ्यायचं नाही. मधूनमधून उठून प्रत्येक कपाटावर टकटक करायची आणि विचारायचं, "जागे हा का?"

आमच्याकडे रानडुकरांच्या भीतीनं शेतात जागल करतात. पुस्तकांची जागल करणारा माणूस मी एकच पाहिला.

"शिलाई उसवली का दार उघडलं," हे त्याचं ठरलेलं वाक्य. पुन्हा टाका पडेपर्यंत आतलं कोणीही बाहेर येऊ शकतं, अशी त्याची पक्की समजूत.

अमरावतीतल्या एका जुन्या वाचनालयात तो पुस्तकं बांधायचा. पगारी नोकर नव्हता, समितीवर नव्हता. वाचनालय बंद झालं, पुस्तकं एका शाळेला द्यायचं ठरलं आणि सागवानी कपाटं मी रीतसर विकत घेतली. मी अकोल्याचा. हातगाडी ओढत भंगार गोळा करण्यापासून सुरुवात केली, आज जुन्या लाकडाचं दुकान आहे. भावात मी भल्याभल्यांना घाम फोडला आहे. आणि माझ्याच कपाटांना मला हात लावू दिला नाही तो या जिल्दसाजानं. चाव्या त्याच्या कमरेला होत्या. तो राग माझा अजून गेलेला नाही.

"चाचा, कपाटं माही हायेत. पावती हाय माह्याजवळ."

"हाय ना. मी कुठं नाही म्हणतो? पण आतले पुस्तकं उसवून राह्यले. कपाट हाललं, पानं सांडले, तं जे बाहेर येईन ते कोण आवरन? तू?"

"काय येते बाहेर?"

मग त्यानं सांगितलं. मागच्या पावसाळ्यात एका कादंबरीतली सासू निघाली, ती पहाटेपर्यंत आत जाईना. शेवटी त्यानं सुनेची पानं आधी शिवली, तेव्हा तिच्यावर नजर ठेवायला म्हणून गेली. भूगोलाचं एक पुस्तक उसवलं, तर सकाळी फरशीवर ओल. शिकारकथांच्या गठ्ठ्याबद्दल मी विचारलं तेव्हा त्यानं फक्त मनगटावरचा वण दाखवला.

"पुस्तकं शिवाच्या आरीचा हाय तो वण," मी म्हणालो.

"तुले बरं मालूम! येक रात जागल कर माह्यासंगं. पळाला नाही तं सकाळी चाबी तुही."

"अर्धी रात करू," मी सवयीनं म्हणालो.

"मयतीजवळ अर्धी रात कोणी बसते का बे?"

बसलो. गिऱ्हाइकाला शब्द दिला होता, कपाटं हवीच होती.

सुरुवातीला मी मनात हसत होतो. मग बाहेरचा रस्ता निजला आणि आतले आवाज सुरू झाले. कपाटांमधून कटकट. ते मला कळत होतं, रात्री गार पडलं की सागवान बोलतं, माझा धंदाच आहे तो. पण खिडक्या बंद असताना चादरीवरचं एक पान उलटलं, तेव्हा धंदा कामी आला नाही. वारा नव्हता. कंदिलाची ज्योत सरळ उभी होती. थोड्या वेळानं आणखी एक पान उलटलं, कोणीतरी वाचत असावं तितक्या सावकाश. मी पाय पोटाशी घेतले. चाचा डोळे मिटून बसला होता. मी डोळे खाली घातले, मग न बघणंही भीतीचंच वाटू लागलं.

तेवढ्यात मागून, आतल्या अंधाऱ्या खोलीतून आवाज आला, "जागे हा का?"

चाचा फेरीला गेला असेल असं वाटून मी ओरडलो, "हाव ना, नाही झोपलो!"

मान वर केली. चाचा समोरच होता. डोळे उघडून माझ्याकडे बघत होता.

"कोणाशी बोलून राह्यला?"

"आत... आत कोणी हाय?"

"आत कपाटं हायेत."

"आवाज आला चाचा! जागे हा का, म्हणे!"

आता हा हसणार, सांगितलं होतं ना म्हणणार, असं वाटलं. पण त्याचा चेहरा उतरला. मी उठून बाहेरच्या दाराशी धावलो. कडी निघेना.

चाचानं माझा खांदा धरून मला आपल्याकडे वळवलं. "बाईचा होता का?"

"मले काय मालूम!"

"आठव ना बाबू. बोलताना दम लागून राह्यला होता का?"

मी मागं हात करून कडी चाचपत राहिलो.

"जैबू," तो म्हणाला. "माही बायको. टाके तीच घाले. मी निस्ते पुठ्ठे चिकटवो. आतल्या खोलीत बसे. दमा होता तिले. ती गेली त्या राती तिनं हाका मारल्या असतीन, मी इथं पडलो होतो, गाढ." त्यानं कानाला हात लावला. "आता हे कानही गेले. माणूस समोर असला तं ओठ पाहून समजते. मांगून कोणी हाक मारली तं काय करू? म्हणून लोकायले बसवतो. येक तं झोपतात, नाही तं पळतात."

कडी एकदाची निघाली होती. दार हातभर उघडलं होतं. बाहेर रस्त्यावरचा दिवा दिसत होता.

"कपाटं ने सकाळी. सारे ने. भाव करू नको आता, निस्ता बस."

मी दार लोटलं. जाऊन आतल्या खोलीच्या उंबऱ्यावर बसलो, अंधाराला पाठ लावून. हशमत चाचा माझ्यासमोर मांडी घालून बसला. त्यानं कंदील उचलून माझ्या चेहऱ्याजवळ धरला आणि पहाटेची, फजरची अजान होईपर्यंत, पापणी न लववता, मला काही ऐकू आलं का ते माझ्या तोंडावर शोधत राहिला.